आगीतून फुफाट्यात, तिथून दह्यात

सुरुवात एका कडू वाडग्यापासून झाली. सकाळी रताळी आणि लाल भोपळा भाजून घेतला, त्यात ताज्या अननसाच्या फोडी आणि डाळिंबाचे दाणे घातले, वरून दुधाने थोडा सैल केलेला चक्का. चाखून पाहिलं तेव्हा झकास होतं. पाहुणे संध्याकाळी यायचे होते म्हणून झाकून फ्रिजमध्ये ठेवलं. संध्याकाळी झाकण काढलं तर कडेने पाणी सुटलेलं, चक्का विरघळल्यासारखा आणि चव चक्क कडू. आंबट नाही, नासकी नाही, कारल्याच्या नात्यातली कडू. भोपळा वेगळा काढून धुऊन खाल्ला, गोड. उरलेला अननस गोड. डब्यातला चक्काही चांगला. कडू असं काही घातलंच नव्हतं, तरी वाडगा कडू होता.

आईला फोन केला. "अगं, अननस कच्चाच घातलास?" ती म्हणाली. "शिऱ्यात घालताना आपण आधी साखरेत शिजवून घेतो ना?" का, ते मात्र तिला सांगता येईना. "तसंच करतात," एवढंच.

त्या 'का'च्या मागे लागले आणि सॅलड बाजूलाच राहिलं.

अननसात ब्रोमेलेन नावाचा विकर असतो. विकर म्हणजे एन्झाइम. सजीवांच्या पेशीत तयार होणारं, बहुधा प्रथिनाचंच बनलेलं एक अवजार. ते एकच काम करतं, पण न झिजता पुन्हा पुन्हा करत राहतं. ब्रोमेलेनचं काम म्हणजे दुसऱ्या प्रथिनांची कापाकापी. मटण लवकर शिजावं म्हणून कच्च्या पपईचा कीस चोळतात ना, त्यातलं पपेन याच्याच भावकीतलं. अननसाच्या रसातली ही करामत व्हेनेझुएलाचे रसायनतज्ज्ञ विसेंते मार्कानो यांनी १८९१मध्ये नोंदवली.

आता चक्क्याकडे बघा. दुधात केसिन या प्रथिनाचे गोळे तरंगत असतात, एवढे बारीक की केसाच्या जाडीत काही शे सहज ओळीने मावतील. दही लागतं तेव्हा विरजणातले जिवाणू दुधातल्या साखरेचं आम्ल करतात, आम्लता वाढते, आणि इतका वेळ एकमेकांपासून अंतर राखून असलेले हे गोळे एकमेकांना चिकटायला लागतात. चिकटता चिकटता त्यांची जाळी विणली जाते. त्या जाळीत पाणी अडकतं, स्निग्धाचे थेंब अडकतात. जिभेला जो मऊ, साईसारखा स्पर्श जाणवतो तो या जाळीचा. दही फडक्यात बांधून टांगलं की पाणी निथळतं, जाळी दाट होते, चक्का होतो.

माझ्या वाडग्यात ब्रोमेलेनने दिवसभर ही जाळी कुरतडली होती. जाळी तुटली म्हणून पाणी सुटलं. आणि तुटलेले तुकडे? अख्ख्या केसिनला फारशी चवच नसते, पण त्याची लांबलचक साखळी कापली की निघणारे काही आखूड तुकडे स्पष्ट कडू लागतात. कडवटपणा बाहेरून आलाच नव्हता. गोड फळ आणि सौम्य दही यांनी तो फ्रिजच्या गारव्यात, झाकणाखाली, गुपचूप घडवला होता. मी वाडग्याकडे बराच वेळ नुसती बघत बसले.

उपाय आईने सांगितलेलाच. विकर स्वतः प्रथिन असल्यामुळे उष्णतेने त्याची घडी विस्कटते आणि मग त्याचं काम कायमचं बंद पडतं. ब्रोमेलेन उकळीच्या बऱ्याच अलीकडे हार मानतं. म्हणून अननसाचा शिरा दूध घालूनही कडू होत नाही. हॉटेलातलं पायनॅपल रायतंही होत नाही, कारण डबाबंद अननस डब्यातच तापवलेला असतो. गोव्यात फळांचं सासव करतात, त्यात अननसही पडतो, पण तिथे दह्याच्या जागी वाटलेला नारळ असतो, आणि नारळात केसिन नाही. आंब्याची तर दुधादह्याशी पिढीजात मैत्री, आम्रखंड त्याला साक्षी. कच्ची पपई आणि किवी मात्र अननसाच्याच पक्षातले.

तर अननस भाजायचा. चकत्या गरम तव्यावर दोन्ही बाजूंनी चांगल्या तांबूस होईपर्यंत, आतपर्यंत कढत. एक विकर मेला, प्रश्न मिटला, असं वाटून मी रताळ्याकडे वळले आणि तिथे नेमकं उलट प्रकरण निघालं.

'आगीतून फुफाट्यात' ही म्हण ज्याने केली त्याच्या डोळ्यांपुढे रताळं नसणार. माणसाला फुफाटा हे संकट, रताळ्याला ते भाग्य. चुलीवरचा स्वयंपाक उरकला की निखारे बाजूला सारून गरम राखेत रताळी पुरायची आणि विसरून जायचं. तासा-दीड तासाने काळपट, सुरकुतलेली, टोकाला चिकट पाक ओघळलेली रताळी बाहेर निघायची. तीच रताळी कुकरला लावली तर शिजतात, मऊ होतात, पण तो पाक काही सुटत नाही. साखर तर दोन्हीकडे कोणीच घातलेली नसते. मग ती येते कुठून?

रताळ्यातच पिष्ट असतं, म्हणजे ग्लुकोजचे मणी ओवलेल्या लांब माळा, कंदाने पुढच्या कोंबासाठी साठवलेल्या. त्याच कंदात बीटा-अमायलेज नावाचा विकरही भरपूर असतो. तो माळेच्या टोकाकडून दोन-दोन मणी तोडत जातो. दोन मण्यांची ही जोडी म्हणजे माल्टोज ही साखर. कच्च्या रताळ्यात मात्र त्याचं फारसं चालत नाही, कारण पिष्ट घट्ट कणांत गुंडाळलेलं असतं. साधारण ६० अंश सेल्सिअसच्या पुढे ते कण पाणी पिऊन फुगतात, माळा मोकळ्या होतात, आणि विकर कामाला लागतो. पण ७५-८०च्या पलीकडे तो स्वतःच गारद होतो. म्हणजे कच्चं आणि शिजलेलं यांच्यामध्ये एक अरुंद पट्टा आहे. रताळं त्या पट्ट्यात जितका वेळ रेंगाळेल तितकं ते गोड होत जाईल. कुकर तिथून धावत निघून जातो, मायक्रोवेव्ह तर उडीच मारतो. राख मात्र घाईत नसते.

गंमत अशी की हा पट्टा थर्मामीटरवर आधी कोणी शोधला नव्हता. चूल सारवून झोपायला जाणाऱ्या बायकांनी तो आळसातून म्हणा, सरपणाच्या काटकसरीतून म्हणा, रोज वापरला. आमच्या फ्लॅटमध्ये राख नाही. मी अख्खी रताळी सालीसकट थंड ओव्हनमध्ये ठेवते, १२० अंशांवर लावते आणि तासाभराहून थोडा जास्त वेळ तिकडे फिरकत नाही. ओव्हन नसेल तर जाड बुडाचा तवा, घट्ट झाकण, अगदी बारीक आच.

एक आडवाट घेते. रताळं, लाल भोपळा, अननस, तिघंही मूळचे अटलांटिकपलीकडचे. कोलंबसाने १४९३मध्ये ग्वाडेलूप बेटावर अननस पाहिला, पुढे पोर्तुगीजांबरोबर तो आपल्या किनाऱ्यावर उतरला आणि नावही ब्राझीलमधल्या तुपी लोकांच्या भाषेतून पोर्तुगीजांमार्फत आपल्याकडे आलं. 'बटाटा' हा शब्दही पोर्तुगीजच, पण त्याचं मूळ कॅरिबियन बेटांवरच्या ताईनो भाषेत आहे आणि तिथे त्याचा अर्थ होता रताळं! बटाटा दुसऱ्याच्या नावावर राहतोय. आणि आपण उपवासाला दोघांनाही एकाच ताटात घेतो.

असो. गोड झालेलं रताळं अजून भाजलेलं नाही. त्याला ती खरपूस कड हवी आणि तिथे विकरांचं काम संपतं. साल काढून जाड चकत्या करायच्या, तेलाचा हात लावायचा आणि २२० अंशांवर ठेवायच्या. ओव्हन २२० म्हणत असला तरी ओल्या फोडीची वरची बाजू १००च्या फारशी पुढे सरकत नाही. सगळी उष्णता पाणी उडवण्यात खर्ची पडते. पाणी संपलं की मग तापमान चढतं, १४०च्या आसपास रंग धरायला लागतो. म्हणूनच ट्रेमध्ये फोडींची गर्दी केली की त्या एकमेकींच्या वाफेत उकडतात, भाजत नाहीत. भोपळा तर जवळजवळ पाणीच, त्याला आणखी ऐसपैस जागा द्यावी लागते.

हा तांबूस रंग म्हणजे शर्करा आणि अमिनो आम्लं यांची झटापट. फ्रेंच वैद्यक-रसायनतज्ज्ञ लुई-कामिय मायार यांनी १९१२मध्ये ती मांडली. ते स्वयंपाकासाठी नव्हे, सजीवांत प्रथिनं कशी बनतात या कोड्यासाठी प्रयोग करत होते. १९५३मध्ये अमेरिकेच्या कृषी खात्यातले जॉन हॉज यांनी या गुंतागुंतीचा पहिला नीट नकाशा काढला. एका क्रियेतून दुसरी, तिच्यातून चार, अशी ती पसरत जाते आणि शेकडो गंधद्रव्यं मागे ठेवते. पावाचं कवच, भाजलेल्या शेंगदाण्यांचा वास, कॉफी, सगळी तिचीच लेकरं. पण या झटापटीत साधी साखर थेट उतरू शकत नाही, माल्टोज उतरू शकतं. म्हणजे मंद आचेवर विकराने जे जमवलं, त्याचाच तेज आचेवर सुवास झाला.

भोपळ्याचं एवढंच सांगते की त्याचा केशरी रंग बीटा-कॅरोटीनचा. गाजरातून तो पहिल्यांदा वेगळा काढला जर्मन रसायनतज्ज्ञ वाकेनरोडर यांनी, १८३१मध्ये. तो पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळतो, त्यामुळे तेल आणि सायीचं दही इथे केवळ चवीसाठी नसतं.

आणि आता तिसरा विकर. माझी आजी केळ्याच्या रायत्यात मोहरी फेसून घालायची. मोहरीची पूड थोड्या गार पाण्यात इतकी घोटायची की तिची वाफ नाकात जाऊन डोळ्यांत पाणी यावं. गोम अशी की कोरड्या मोहरीला तसा झटका नसतोच. दाण्यात एका कप्प्यात सिनिग्रिन नावाचं निरुपद्रवी द्रव्य आणि दुसऱ्या कप्प्यात मायरोसिनेज हा विकर, असे दोघे वेगवेगळे राहतात. दाणा चिरडला, पाणी मिळालं, की दोघांची गाठ पडते आणि नाक झोंबवणारं तेल जन्माला येतं. मोहरीने हे दाताखाली चिरडणाऱ्या किड्यांसाठी योजलेलं, आपण रायत्यासाठी वापरतो. फोडणीत हाच विकर कढत तेलात क्षणात संपतो, म्हणून तडतडलेली मोहरी खमंग लागते, झोंबत नाही. आम्लातही तो मंदावतो. तेव्हा आधी पाण्यात फेसायची, पाच-दहा मिनिटं थांबायचं आणि मगच दह्यात मिसळायची. आजी बरोबर याच क्रमाने करायची. विचारलं तर तीही "तसंच करतात" म्हणाली असती.

तीन विकर, तीन तऱ्हा. अननसातला आधी संपवायचा, रताळ्यातला रेंगाळू द्यायचा, मोहरीतल्याला आच लागू द्यायची नाही.

दुसऱ्या खेपेला असं केलं. वाटीभर चक्का, दोन चमचे साय, मीठ, चिमूटभर साखर, चमचाभर फेसलेली मोहरी, भाजून भरडलेले तीळ. चांगलं घोटून घेतलं. भाज्या आणि अननस पूर्ण निवू दिले, कारण गरम फोड पडली की केसिनची जाळी आवळते आणि पाणी बाहेर पिळून टाकते. कढीला बेसन लावतात ते यासाठीच. मग मिसळलं, वर डाळिंबाचे दाणे आणि कोथिंबीर. खालचं रताळं पाकासारखं गोड, वर जळकी कड, अननसाची आंबटगोड चुणूक, आणि मागून नाकात चढणारी मोहरी.

थोडं मुद्दाम शिल्लक ठेवलं, झाकून, फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी झाकण काढताना उगाचच धाकधूक होत होती. पाणी सुटलेलं नव्हतं. कडूपणाचा मागमूस नव्हता. मोहरीचा झटका मात्र रातोरात ओसरला होता, तिची वाफ फार वेळ थांबत नाही. खलबत्ता काढला आणि चमचाभर पुन्हा फेसायला घेतली.