चौसोपी घरातले बोतेरो संग्रहालय

कोलंबियाची राजधानी बोगोता. तिच्या ला कांदेलारिया या जुन्या वस्तीत बोतेरो संग्रहालय आहे. चित्रकार आणि शिल्पकार फर्नांदो बोतेरो यांनी २००० साली आपला खासगी संग्रह देशाला दिला, त्यातून ते उभे राहिले. एकूण २०८ कलाकृती. त्यांतल्या १२३ बोतेरोंच्या स्वतःच्या हातच्या, तर ८५ त्यांनी जमवलेल्या: मोने, रन्वार, पिकासो, शागाल, मिरो, दाली, फ्रान्सिस बेकन अशा दिग्गजांच्या.

हे दान स्वीकारले ते ‘बांको दे ला रेपुब्लिका’ने, म्हणजे कोलंबियाच्या मध्यवर्ती बँकेने. चलन सांभाळणाऱ्या बँकेने चित्रेही सांभाळावीत, याचे तिथे कुणाला नवल नाही. बोगोताचे प्रसिद्ध सुवर्ण संग्रहालय आणि लुईस आंखेल आरांगो ग्रंथालयही हीच बँक चालवते.

संग्रहालयाची वास्तू स्पॅनिश वसाहतकाळाच्या घडणीची आहे. मधे मोकळा चौक, त्यात कारंजे, चारी बाजूंना खांबांच्या ओसऱ्या आणि वर कौलारू छप्पर. ९ एप्रिल १९४८ रोजी लोकप्रिय नेते होर्खे एलिएसेर गाइतान यांची भर रस्त्यात हत्या झाली आणि बोगोता पेटले. त्या जाळपोळीत आर्चबिशपचा राजवाडा भस्मसात झाला. मग धर्मपीठाचा कारभार या घरात आला आणि १९५५पर्यंत इथूनच चालला. पुढे बँकेने घराची डागडुजी करून त्याला जुने रूप मिळवून दिले. संग्रहालयासाठी निराळी इमारत बांधली नाही, हे फार चांगले झाले. एका दालनातून दुसऱ्यात जाताना माणूस ओसरीवर येतो, चौकातला उजेड अंगावर घेतो आणि ताज्या डोळ्यांनी पुढच्या चित्रासमोर उभा राहतो.

बोतेरोंचा जन्म १९३२ सालचा, कोलंबियातल्याच मेडेयीन शहरातला. तरुणपणी त्यांना युरोपातल्या थोर चित्रकारांची ओळख झाली ती छापील प्रतींवरूनच. १९५२ साली राष्ट्रीय प्रदर्शनात दुसरे बक्षीस मिळाले, त्या पैशांतून ते स्पेनला गेले आणि माद्रिदच्या प्रादो संग्रहालयात वेलास्केझ, गोया यांच्या चित्रांच्या नकला करत शिकले. अस्सल चित्रासाठी समुद्र ओलांडावा लागलेल्या या माणसाने देणगी देताना प्रवेश विनामूल्य ठेवण्याची अट घातली. ती आजही पाळली जाते. त्यामुळे बोगोतातल्या शाळकरी पोराला पिकासोचे मूळ चित्र पाहायला खिशात हात घालावा लागत नाही. कोणते चित्र कुठे लावायचे, हेही बोतेरोंनी स्वतः ठरवले.

त्यांच्या चित्रांतली माणसे, फळे, घोडे, सगळेच फुगल्यासारखे गरगरीत. या शैलीचा धागा १९५६ साली मेक्सिकोत सापडला. मँडोलिन रेखाटताना मधले भोक त्यांनी फारच लहान काढले आणि वाद्य एकदम अवाढव्य दिसू लागले. लहान तपशिलाशेजारी मोठा आकार आणखी मोठा होतो, हे त्यांनी तिथे हेरले. संग्रहालयातल्या त्यांच्या ‘मोना लिसा’कडे निरखून पाहावे: चेहऱ्याने चौकट भरून टाकली आहे, पण डोळे, नाक आणि ओठ मधोमध एवढेसेच आहेत. म्हणूनच गाल इतके विस्तीर्ण वाटतात. लठ्ठपणाची ही थट्टा नाही. आपण आकारमान रंगवतो, असे बोतेरो सांगत.

बोगोताला संग्रह दिला त्याच सुमारास बोतेरोंनी मेडेयीनच्या आंतिओकिया संग्रहालयालाही भरघोस देणगी दिली. त्यांची २३ कांस्यशिल्पे तिथे संग्रहालयासमोरच्या चौकात उघड्यावर उभी आहेत. सप्टेंबर २०२३मध्ये, ९१व्या वर्षी, बोतेरोंचे मोनाकोत निधन झाले.