साक्षीदाराची पारख

वसई पूर्वेकडून मुंबई-अहमदाबाद महामार्गाकडे निघाले म्हणजे वाटेत सातिवली लागते, आणि तेथील औद्योगिक गाळ्यांमधून लेथचा, पत्रा कापण्याचा आणि वेल्डिंगचा जो अखंड नाद येत असतो त्याच्या पाठीमागे, पावसाळा सरत आला असता, तुंगारेश्वराचा डोंगर गर्द हिरवा होऊन उभा असतो. अशाच एका गाळ्यातील गॅरेजात भाद्रपदातल्या एका सकाळी मी माझी मोटार घेऊन गेलो. तिच्या दर्शनी फलकावरील इंजिनाच्या आकृतीचा पिवळा दिवा तिसऱ्यांदा लागला होता. पहिल्यांदा तो लागला तेव्हा दुसऱ्या एका ठिकाणी स्कॅनर जोडून पाहण्यात आले, हवा आणि इंधन यांचे प्रमाण सांगणारा सेन्सर बिघडला आहे असे निदान झाले, काही हजार रुपये मोजून नवा सेन्सर बसवला गेला, आणि जुना एका पुठ्ठ्याच्या खोक्यात घालून डिकीत ठेवून देण्यात आला. पंधरा दिवसांत दिवा पुन्हा लागला, तेव्हा कोड पुसून तो विझवण्यात आला. आता तो परत उजळला होता, आणि त्याच्याबरोबर माझी चिंताही.

मिस्त्रींनी माझी सगळी कैफियत शांतपणे ऐकून घेतली, स्कॅनर जोडला, पी-०१७१ हा क्रमांक वाचला आणि म्हणाले, "काका, कोड ही नुसती तक्रार असते. कोणाबद्दलची, ते गाडी तपासल्यावर कळेल."

या एका वाक्यात निदानशास्त्राचे सारे मर्म आले आहे. परंतु ते नीट उमजण्यासाठी त्या लहानशा सेन्सरचे कार्य आधी समजून घेतले पाहिजे.

पेट्रोलचा एक भाग निःशेष जळण्यास वजनाने सुमारे १४.७ भाग हवा लागते. हा आकडा कागदावर किरकोळ वाटतो, पण दहा बाय दहाच्या खोलीतील जवळजवळ निम्मी हवा एक किलो पेट्रोल जाळण्यास खर्ची पडते असे सांगितले म्हणजे त्याचे खरे परिमाण डोळ्यांपुढे उभे राहते. हवा या प्रमाणाहून अधिक झाली तर त्या मिश्रणाला गॅरेजात 'लीन' म्हणतात, आणि इंधन अधिक झाले तर 'रिच'. लीन मिश्रणावर गाडी झटके मारते, तिचा पिकअप जातो; रिच मिश्रणावर ॲव्हरेज उतरते, प्लग काळे पडतात आणि सायलेन्सरमधून न जळलेल्या पेट्रोलचा उग्र दर्प येऊ लागतो. पूर्वी कार्बोरेटरचा स्क्रू फिरवून, कानाने इंजिनाचा आवाज जोखून हे प्रमाण जुळवले जाई, आणि जुन्या मिस्त्रींचा कान त्या कामी विलक्षण तयार असे. परंतु धूर शुद्ध करणारा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर आपले काम पुरतेपणी करतो ते केवळ या नेमक्या प्रमाणाच्या अगदी निकट, आणि तेवढी अचूकता, क्षणोक्षणी बदलणाऱ्या रस्त्यावर, मनुष्याच्या कानाला साधणारी नव्हती.

म्हणून धुराच्या मार्गात एक साक्षीदार नेमण्यात आला. झिर्कोनियम या धातूच्या ऑक्साइडपासून केलेले एक लहानसे चिनीमातीसारखे कवच, ज्याच्या एका अंगाला तप्त धूर आणि दुसऱ्या अंगाला बाहेरची शुद्ध हवा, ३०० अंशांहून अधिक तापले की दोन्ही बाजूंच्या प्राणवायूतील तफावतीनुसार स्वतःच किंचित विद्युद्दाब निर्माण करते. या व्यवहारामागील नियम वाल्टर नेर्न्स्ट या जर्मन रसायनशास्त्रज्ञाच्या नावाने ओळखला जातो, ज्याला १९२० सालचे नोबेल पारितोषिक मिळाले आणि ज्याने हाच पदार्थ त्यापूर्वी दिव्याच्या तंतूसाठीही वापरला होता. मोटारीत हा सेन्सर प्रथम आला तो १९७६ साली, बॉश कंपनीने घडवलेला आणि व्होल्वोच्या गाड्यांमध्ये बसवलेला. तो जुना प्रकार मिश्रण लीन आहे की रिच एवढेच सांगे, किती ते सांगत नसे. त्याचा आजचा वारस, ज्याला एअर-फ्युएल रेशो सेन्सर म्हणतात, प्राणवायू आत किंवा बाहेर लोटण्यास किती विद्युत्प्रवाह लागला हे मोजून तफावतीचा नेमका आकडा देतो. गॅरेजात मात्र दोघांनाही सरसकट 'ओटू सेन्सर' म्हणतात, आणि दोघांचे आटे सारखे असल्यामुळे एकाच्या जागी दुसरा बसूही शकतो. तो चालत मात्र नाही, हे सुटा भाग विकत घेणाऱ्याने ध्यानात ठेवलेले बरे.

शिसे हे या सेन्सरला विषासमान. त्यामुळे १ फेब्रुवारी २००० पासून देशभर शिसेविरहित पेट्रोल मिळू लागले तेव्हाच येथील सामान्य मोटारीत त्याचा मुक्काम निर्धास्त झाला. पुढे १ एप्रिल २०२० पासून भारत स्टेज ६ हे मानक सर्वत्र लागू झाले, आणि १ एप्रिल २०२३ पासून त्याचा दुसरा टप्पा आला. पिवळा दिवा आज इतक्या तत्परतेने लागतो, त्यामागे ही कायद्याची करडी नजर आहे.

आता मूळ प्रश्न. साक्षीदाराने सांगितले की मिश्रण लीन आहे. यावरून मिश्रण खरोखरच लीन आहे असे समजायचे, की साक्षीदारच खोटे बोलतो असे? पी-०१७१ या कोडाचा अर्थ एवढाच की धुरात प्राणवायू अधिक आढळतो आणि संगणकाने इंधन वाढवूनही तो कमी होत नाही. या वाक्यात सेन्सरवर कसलाही आरोप नाही. तरीही पुष्कळदा होते असे की तक्रार ज्याने नोंदवली त्यालाच बडतर्फ केले जाते, नवा माणूस त्याच्या जागी बसतो, आणि नवा माणूसही तीच तक्रार पुन्हा नोंदवतो. माझ्या बाबतीत नेमके हेच घडले होते.

मिस्त्रींनी स्कॅनरवर दोन आकडे उघडले, ज्यांना फ्युएल ट्रिम म्हणतात. आपल्या वाडवडिलांच्या दुकानी रोजकीर्द आणि खतावणी अशा दोन वह्या असत, तसाच हा प्रकार: एक आकडा या क्षणाची दुरुस्ती सांगतो, दुसरा दीर्घकाळची. शून्य म्हणजे हिशेब बिनचूक, अधिक म्हणजे संगणक इंधन वाढवत आहे, उणे म्हणजे कमी करत आहे, आणि दोन्ही बाजूंना दहा टक्क्यांपर्यंतचे अंतर सहसा चिंतेचे मानत नाहीत. येथे एक गोष्ट आजच्या काळी ध्यानात घ्यावी लागते. २० टक्के इथेनॉल मिसळलेल्या पेट्रोलला हवा कमी लागते, सुमारे १३.५ भाग, त्यामुळे जुन्या मिश्रणाची सवय असलेल्या गाडीत हा आकडा चार-पाच टक्क्यांनी वर सरकतो, आणि ती सेन्सरची चूक नसते.

माझ्या गाडीचा आकडा इंजिन नुसते सुरू असता अधिक २४ होता. मिस्त्रींनी ॲक्सिलरेटर दाबून फेरे २५०० वर नेले आणि तेथेच धरून ठेवले. आकडा हळूहळू उतरत अधिक ६ वर येऊन थांबला. त्यांनी मान डोलावली, कारण त्यांच्या लेखी प्रश्न तेथेच सुटला होता. सेन्सर खोटे बोलत असता तर तो मंद गतीत आणि जलद गतीत सारखेच खोटे बोलला असता. इंधनाचा पंप दुबळा असता तर मागणी वाढताच आकडा वर चढला असता. तो उतरला याचा अर्थ असा की कोठेतरी एक लहान छिद्र होते, ज्यातून येणारी हवा, इंजिन संथ असताना एकूण हवेच्या मानाने मोठी ठरत होती आणि इंजिन जोरात चालू लागताच नगण्य होत होती. माझ्या गाडीत आत येणारी हवा मोजणारे यंत्र फिल्टरच्या पुढे बसवलेले आहे; जकातनाका चुकवून आडवाटेने आलेल्या मालासारखी ही हवा त्या यंत्राच्या दप्तरी नोंदलीच जात नव्हती. ज्या गाड्यांत हवेऐवजी मॅनिफोल्डमधील दाब मोजतात, तेथे हे लक्षण इतके ठळक उमटत नाही, आणि तेथे अन्य खुणा शोधाव्या लागतात.

मग त्यांनी कार्बोरेटर साफ करण्याच्या द्रवाचा फवारा, अत्यंत जपून, एकेका रबरी नळीच्या कडेकडेने मारला. मॅनिफोल्डच्या तळाशी, हाताला लागेल पण डोळ्यांना दिसणार नाही अशा जागी, फवारा पोचताच इंजिनाचा आवाज बदलला आणि स्कॅनरवरचा आकडा क्षणार्धात घसरला. तेथली नळी त्यांनी काढून माझ्या हाती दिली. उष्णतेने कडक झालेल्या त्या रबराला वाकवताच आतल्या बाजूला नखाएवढी भेग उघडली.

त्याच सुमारास एक भाड्याची प्रवासी मोटार गाळ्यापुढे येऊन थांबली. चालक उतरला तो त्रासलेला. "दादा, ॲव्हरेज एकदम उतरलंय, आणि मागे काळा धूर येतोय," त्याने सांगितले. स्कॅनरने येथेही लीनचीच तक्रार दाखवली; परंतु खतावणीचा आकडा मंद गतीत अधिक २५ होता आणि २५०० फेऱ्यांवरही तेवढाच राहिला. मिस्त्रींनी एक प्लग उघडला. त्यावर काजळी दाट बसली होती, आणि नाकाला पेट्रोलचा वास येत होता. साक्षीदार म्हणत होता की इंधन कमी पडते, आणि घटनास्थळाचा पंचनामा सांगत होता की इंधन उतू जाते.

अशा वेळी त्रयस्थाची साक्ष घ्यावी लागते. आपण ज्याला केवळ प्रमाणपत्राचे ठिकाण समजतो, ते पीयूसी केंद्र येथे उपयोगी पडले. भारत स्टेज ४ आणि त्यानंतरच्या पेट्रोल मोटारींना मंद गतीत कार्बन मोनॉक्साइडची मर्यादा ०.३ टक्के आहे, आणि जलद गतीत लॅम्डा, म्हणजे प्रत्यक्ष हवेचे आदर्श हवेशी गुणोत्तर, १ च्या ०.०३ अलीकडे-पलीकडे असावे लागते. त्या गाडीचा लॅम्डा ०.८९ निघाला, म्हणजे मिश्रण निर्विवाद रिच होते. परत येताच मिस्त्रींनी शेवटची परीक्षा घेतली. त्यांनी हवेच्या मार्गात तोच फवारा मारला, ज्याने निरोगी सेन्सरचा आकडा निमिषात खाली आला असता. येथे तो जागचा हलला नाही. सायलेन्सरच्या जोडातून बाहेरची हवा आत ओढली जात असेल तरीही असे खोटे लीन दिसू शकते, म्हणून त्यांनी जोड तपासले आणि ते घट्ट आढळले. मल्टिमीटर लावून सेन्सरमधील हीटरचा रोध मोजला, तारा आणि प्लगची जोडणी पाहिली, आणि सर्व काही ठीक असल्याची रुजुवात झाल्यावरच बावीस नंबरचा पाना हाती घेतला.

निघालेला सेन्सर त्यांनी कानाशी धरून हलवला. आत काहीतरी सैल वाजत होते. "पाण्यातून नेलीत का गाडी?" त्यांनी विचारले. चालकाने कबूल केले की दहा-बारा दिवसांपूर्वी सातिवलीच्याच रस्त्यावर साचलेल्या पाण्यातून, दूरच्या भाड्याहून आलेली तापलेली गाडी तशीच काढली होती. कित्येकशे अंश तापलेल्या त्या कवचावर थंड पाण्याचा सपकारा बसला असता ते तडकते. मग धूर आणि शुद्ध हवा यांच्यामधील पडदा फुटतो, दोन्ही बाजूंची तफावत नाहीशी होते, विद्युद्दाब मावळतो, आणि संगणक त्या मौनाचा अर्थ 'लीन' असा लावून इंधन ओतत राहतो. वसईकरांना पावसाळ्याचे पाणी नवे नाही, आणि २०१८ च्या जुलैत विरारपर्यंतची लोहमार्गाची वाहतूकच त्याने अडवली होती, हे अजून कोणी विसरलेले नाही. तरीही चाक निम्मे बुडेल इतक्या पाण्यात, इंजिन तापलेले असताना गाडी घालू नये, याला चिखल आणि ब्रेक यांपलीकडेही एक कारण आहे, हे मला त्या दिवशी कळले. त्या चालकाचा सेन्सर बदलणे अटळ होते, आणि त्याच्या रोजच्या कमाईतून गेलेला तो पैसा सार्थकी लागला. कारण बदलण्यापूर्वी त्याचा गुन्हा सिद्ध झाला होता.

माझे बिल मात्र एका रबरी नळीचे झाले. पैसे देताना मी डिकीतील जुन्या सेन्सरची गोष्ट काढली, तेव्हा मिस्त्रींनी इंजिन थोडे निवू दिले, नवा सेन्सर काढला आणि त्याच्या जागी तो जुना बसवला. इंजिन पुन्हा तापेपर्यंत आम्ही दोघे बोनेटपाशी उभे राहिलो. फवारा मारताच आकडा खाली गेला, ॲक्सिलरेटर दाबून एकदम सोडताच वर उसळला, आणि नळी नवी बसलेली असल्यामुळे लवकरच शून्याच्या आसपास येऊन स्थिरावला. तो पहिल्यापासून खरेच सांगत होता. मी मिस्त्रींना विनंती केली की तोच राहू द्या, आणि नवा सेन्सर त्या पुठ्ठ्याच्या खोक्यात घालून महामार्गाकडे निघालो.