गोत्र, गाव आणि मतं : ‘मनोज अँड बबली’ हे पुस्तक काय सांगतं?

आज एका पत्रकाराच्या पुस्तकाबद्दल बोलूया. चंदर सुता डोगरा यांचं ‘मनोज अँड बबली : अ हेट स्टोरी’ हे इंग्रजी पुस्तक २०१३ मध्ये आलं. वरवर पाहिलं तर ही एका खून खटल्याची हकीकत. पण कोणी कोणाशी लग्न करायचं हे जो ठरवतो, त्याच्या हातात गाव कसं राहतं, हे त्यातून कळतं.

आधी घटना बघू. हरियाणाच्या कैथल जिल्ह्यातलं करोरां गाव. मनोज आणि बबली दोघंही जाट, दोघांचंही गोत्र बनवाला. एप्रिल २००७ मध्ये त्यांनी पळून जाऊन लग्न केलं. १५ जूनला कैथलच्या कोर्टात दोघांनी सांगितलं, की लग्न आमच्या मर्जीनं झालंय. कोर्टानं पोलीस संरक्षण दिलं. पण पोलीस त्यांना वाटेतच सोडून गेले आणि त्याच दिवशी बबलीच्या नातेवाइकांनी दोघांना बसमधून उतरवून पळवलं. पुढे कालव्यात प्रेतं सापडली. गावानं मनोजच्या घरावर बहिष्कार घातला होता, तरी त्याची आई चंद्रपती आणि बहीण सीमा मागे हटल्या नाहीत.

३० मार्च २०१० रोजी कर्नालच्या न्यायालयानं पाच जणांना फाशी आणि खापचा पुढारी गंगाराज याला जन्मठेप सुनावली. २०११ मध्ये उच्च न्यायालयानं चौघांची फाशी जन्मठेपेवर आणली. गंगाराज मात्र निर्दोष सुटला.

आता प्रश्न असा, की त्यांनी कायदा मोडला होता का? अजिबात नाही. सगोत्र विवाहाची आडकाठी १९४६ च्या कायद्यानंच दूर झाली. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यातही गोत्राची अट नाही, जवळच्या नात्यांची आहे.

मग खापचा एवढा राग कशावर? तिथे ‘भाईचारा’ मानतात. एका गोत्राचे, एका गावाचे सगळे भाऊ-बहीण. यामागे जमीनही आहे. मुलगी लांबच्या गावी दिली की वडिलांच्या शेतात ती हिस्सा मागायला सहसा येत नाही. गावातच नांदली, तर बांधावर हक्क सांगणारा जावई उभा! त्यात २००५ पासून वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा वाटा मुलाइतकाच झाला. दुसरीकडे, २०११ च्या जनगणनेनुसार हरियाणात हजार पुरुषांमागे ८७९ स्त्रिया. म्हणजे मुली आधीच कमी, त्यात लग्नावर इतके पहारे.

आणि राजकारण? निकालानंतर खाप नेत्यांनी सगोत्र विवाहावर बंदीची मागणी केली. ओमप्रकाश चौटाला यांनी तिला उघड पाठिंबा दिला. कुरुक्षेत्रचे तेव्हाचे काँग्रेस खासदार नवीन जिंदाल यांनीही ती पुढे नेण्याची तयारी दाखवली. पक्ष वेगळे, पण मतं त्याच गावांतली. खापला कुणी निवडून दिलेलं नसतं, पण निवडून आलेल्यांना तिला दुखवायचं नसतं.

‘हे तिकडचं’ म्हणून आपण मोकळे होऊ नये. आपल्याकडे कित्येक घरांत मामाच्या मुलीशी लग्न कौतुकानं लागतं. हरियाणात तेच पाप ठरेल. म्हणजे नियम माणसांनीच केलेले. आपल्याकडेही जात पंचायतींनी लग्नावरून घरं वाळीत टाकली, म्हणून तर २०१६ मध्ये सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा करावा लागला. तो ३ जुलै २०१७ पासून लागू आहे.

२०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ‘शक्ती वाहिनी’ खटल्यात स्पष्ट सांगितलं, की दोन सज्ञान माणसांच्या लग्नात कुणीही, खापसुद्धा, आडवं येऊ शकत नाही. अशा जोडप्यांना संरक्षण द्यायच्या सूचनाही दिल्या. पण संरक्षणाचा आदेश मनोज-बबलीच्या हातातही होता. तेव्हा पुस्तक वाचताना खुन्यांइतकंच लक्ष त्या निघून गेलेल्या पोलिसांकडेही असू द्या. भेटूया पुढच्या भागात.