गॅरेजचं दार आणि अनुपलब्धी

मागच्या व्याख्यानात आपण अनुपलब्धीपाशी थांबलो होतो. खोलीत घडा दिसत नाही, म्हणून तो तिथे नाही, हे ज्ञान आपल्याला होतं कसं? भाट्ट मीमांसक आणि अद्वैती म्हणतात की हे स्वतंत्र प्रमाण आहे. नैयायिकांना ते मान्य नाही. अट मात्र दोघंही घालतात. घडा असता तर तो दिसायलाच हवा होता, अशी परिस्थिती पाहिजे. अंधाऱ्या खोलीत घडा दिसला नाही, यावरून काहीच सिद्ध होत नाही.

आज घड्याऐवजी गॅरेजचं दार घेऊ. हसू नका. तुमच्यापैकी कितीतरी जण अमेरिकेत मुलांकडे सहा-सहा महिने राहता, नातवंडं सांभाळता, आणि बटण दाबलं की वर सरकणारं हे दार रोज वापरता. दोन गाड्यांच्या गॅरेजचं दार शंभर किलोच्या आसपास सहज जातं. ते खाली येत असताना खाली कुणी नाही, हे त्या यंत्राला कसं कळतं?

लहान मुलं अशा दारांखाली सापडून दगावली, तेव्हा तिथे १९९० मध्ये कायदा झाला. १ जानेवारी १९९३ पासून बनलेल्या घरगुती यंत्रांना दोन वेगळ्या सोयी लागतात. दाराला काही लागलं तर दोन सेकंदांच्या आत ते उलट फिरायला हवं, ही एक. दुसरी बहुधा प्रकाशाच्या डोळ्यांची असते: दाराच्या दोन बाजूंना जमिनीपासून सहा इंचांपेक्षा उंच नाही अशा जागी दोन डोळे, आणि त्यांच्यामध्ये एक अदृश्य किरण.

या डोळ्यांची एक गोष्ट आम्हाला फार आवडते. किरण पोचला नाही तर यंत्र ‘आड काहीतरी आहे’ असंच धरून चालतं. मग आड मूल असो, कोळ्याचं जाळं असो, वायर निसटलेली असो की संध्याकाळचं ऊन थेट डोळ्यात जात असो. शंका आली की थांबायचं. लोकांना मात्र हाच त्याचा दोष वाटतो. काही बहाद्दर दोन्ही डोळे काढून वर मोटरजवळ समोरासमोर बसवून टाकतात, म्हणजे कटकटच नको! हे खोटी साक्ष उभी करण्यासारखं आहे. खरं काम दोन मिनिटांचं असतं: काचा मऊ कापडाने पुसायच्या, आणि दोन्हींवरचे छोटे दिवे न लुकलुकता लागेपर्यंत डोळे हलक्या हाताने एका रेषेत आणायचे.

पण किरण अखंड आहे, यावरून खाली कुणी नाही हे ठरतं का? किरणाला एकच रेषा दिसते. गाडीचा मागचा भाग दाराखाली राहिला असेल, तर किरण बंपरच्या खालून बिनदिक्कत आरपार जातो. म्हणजे योग्यता नाही. घडा असूनही दिसत नाही. म्हणून दुसरी सोय, स्पर्शाची, आणि तीच आपण न कळत बिघडवतो.

एका थंडीत आमच्या परिचयाच्या एका घरी दार अर्ध्यावर येऊन परत वर जायला लागलं. दुरुस्तीला आलेल्या माणसाने मोटरवरचा जोराचा स्क्रू फिरवला, दार बंद झालं, सगळे खूश. आम्ही दाराखाली फळी ठेवून पाहिलं, तर दार फळीवर दाबून बसलं, उलटलंच नाही. दुखणं होतं सुकलेल्या चाकांत. बिजागऱ्या आणि चाकांच्या बेअरिंगना सिलिकॉनचा फवारा मारला (रुळांना वंगण लावायचं नसतं, ते नुसते पुसायचे), जोर पुन्हा कमी केला, आणि काम झालं.

जोर वाढवणं म्हणजे यंत्राला सांगणं, की आता तुला कमी लागतं, दुखलं तरी ढकलत राहा. दार जमिनीला टेकून लगेच उलटत असेल, तर बऱ्याचदा दोष खाली थांबायच्या मर्यादेचा असतो, ती थोडी वर घ्यावी. नव्या यंत्रांत हे बटणांनी शिकवावं लागतं, पुस्तिकेत कृती असते.

कोणताही फेरफार केला, की फळीची परीक्षा पुन्हा करायची. दीड इंच जाडीची फळी दाराखाली मधोमध आडवी ठेवायची, दार बंद करायचं. टेकल्यावर उलटलं तर ठीक. नाहीतर दुरुस्त होईपर्यंत यंत्र वापरायचं नाही. महिन्यातून एकदा हे करावं, आणि दार खाली येताना किरणाआड झाडूचा दांडा धरून डोळेही तपासावेत. दांडाच धरा, पाय नको.

भिंतीवरचं बटण दाबून धरलं तर बऱ्याच यंत्रांत डोळ्यांची हरकत बाजूला पडून दार खाली येतं. रिमोटने तसं होत नाही. कारण सरळ आहे: भिंतीपाशी उभा माणूस स्वतः पाहतो आहे असं गृहीत धरलंय. म्हणून ते बटण दाबून धरताना फोनकडे पाहायचं नाही, आणि बटण लहान मुलांच्या हाताला लागेल असं नको; निदान पाच फूट उंच हवं.

मघाशी कुणीतरी लाल दोरीबद्दल विचारलं. ती ओढली की दार मोटरपासून सुटतं, वीज गेली तर हाताने उघडता येतं. तोल याच दोरीने तपासतात. दार पूर्ण बंद असताना ती ओढायची, आणि दार हाताने अर्ध्यावर न्यायचं. तिथे ते जवळपास स्थिर राहायला हवं. खाली घसरलं तर स्प्रिंग थकली आहे. तिचा काही भार मोटरच ओढते आहे. नेहमीच्या स्प्रिंगा साधारण १०,००० वेळा उघडझाप सोसतात. दिवसातून चार वेळा म्हटलं तर सातेक वर्षं. स्प्रिंगला, तिच्या वायरदोराला किंवा दाराच्या तळाशी जिथे तो दोर अडकवलेला असतो त्या पट्टीला स्वतः पाना लावू नका. तिथे एवढा ताण असतो की हात जायबंदी होतो. त्यासाठी माहितगार माणूसच बोलवा. आणि दार वर असताना ती लाल दोरी ओढू नका. स्प्रिंग तुटलेली असली तर अख्खं दार तुमच्या अंगावर येईल.