साचा तोच, रंग निराळा

या आठवड्यात गॉलिवॉग हा काळा बाहुला आणि मुरंब्याच्या बाटल्या, असं कबूल केलं होतं. ते लांबणीवर. बंगळूरच्या पीण्या या औद्योगिक वसाहतीतून एक पत्र आलंय आणि ते टेबलावर तसंच ठेवून गॉलिवॉगकडे वळणं मला जमेना.

पत्र लिहिणारे गृहस्थ मूळचे निपाणीकडचे. राजाजीनगरच्या जीटीटीसी या सरकारी टूलरूम-प्रशिक्षण केंद्रात शिकले आणि आता पीण्या सेकंड स्टेजला टूलरूम सांभाळतात. मॅटेल या अमेरिकी खेळणी-कंपनीच्या १९६७ सालच्या ‘कलर्ड फ्रान्सी’वर, म्हणजे गोऱ्या फ्रान्सीच्याच साच्यातून काढलेल्या तपकिरी बाहुलीवर, मी गेल्या खेपेला जो राग काढला, तो त्यांना बोचला. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: मोल्ड करायला महिने जातात, पैसे लाखांत जातात, रंग बदलायला मास्टरबॅचची, म्हणजे रंगीत दाण्यांची, एक पिशवी पुरते. गोऱ्या फ्रान्सीचा मोल्ड मशीनवर तयार असताना तपकिरी दाणा टाकून आणखी एक बाहुली निघत असेल, तर कुठलाही शहाणा कारखानदार तेच करील. यात वर्णद्वेष कुठून आला?

माझी उमेदीची वर्षं तुमकूर रोडच्या तसल्याच शेडमध्ये गेली. त्यामुळे हा युक्तिवाद मला परका नाही. किंबहुना काळ्या बाहुल्यांच्या इतिहासावर जी पुस्तकं निघतात, त्यांत नेमकी हीच बाजू राहून जाते. लिहिणाऱ्यांनी बाहुली दुकानात पाहिलेली असते, मोल्डमधून निघताना पाहिलेली नसते. म्हणून हा सगळा भाग साच्याला.

बाहुलीचे हातपाय आणि धड एक वेळ इंजेक्शन किंवा ब्लो मोल्डिंगवर निघेल. पण मऊ डोकं, ज्यात केस ओवता येतात, ते निघतं रोटेशनल मोल्डिंगने. आधी शिल्पकार मेणात किंवा मातीत चेहरा घडवतो. त्यावरून तांब्याचा किंवा निकेलचा पातळ साचा वाढवतात. पीण्यातल्या प्लेटिंगवाल्यांना हे काम समजावून सांगायला नको: मुलामा चढवतात तसाच, फक्त भिंत उभी राहीपर्यंत चढवत राहायचा आणि मग आतलं मेण काढून टाकायचं. त्या साच्यात पीव्हीसीचा पातळ लगदा, म्हणजे प्लॅस्टिसॉल, मापून ओततात. साचा दोन अक्षांभोवती फिरवत तापवला की लगदा भिंतीला धरतो, आत पोकळी राहते. गरम असतानाच चिमट्याने धरून ते डोकं मानेच्या भोकातून, मोजा ओढावा तसं, बाहेर खेचतात. विनाईल मऊ असल्यामुळे नाकपुड्या, कानाच्या पाळ्या, ओठांखालची खोबण हे सगळं सुखरूप बाहेर येतं. पोलादी इंजेक्शन मोल्डमध्ये एवढे अंडरकट, म्हणजे साच्यात अडकणारे खाचखळगे, कुणी घालू देणार नाही.

आता यातली मेख बघा. नाक रुंद करा, ओठ भरीव करा, गालांची हाडं वर घ्या, यंत्राला काही फरक पडत नाही. रोटेशनल साचा पोलादी डायच्या मानाने स्वस्तही पडतो. खर्च होतो तो शिल्पकारावर, आणि कुणाचा चेहरा घडवायचा हे ठरवण्यावर. पत्रलेखकांचा हिशेब इंजेक्शनवाल्याचा आहे आणि त्यांच्या शेडमध्ये तो बिनचूक आहे. डोक्याच्या बाबतीत तो निम्माच लागू पडतो.

उरलेला निम्मा अपेक्षित खपाचा. साच्याचा खर्च किती नगांवर पसरायचा हे कुणीतरी आधी ठरवतं, आणि ‘काळ्या बाहुल्यांना गिऱ्हाईक नाही’ हे गृहीत धरून आकडा लहान धरला, की साचा परवडत नाही. साचा नाही म्हणून गोऱ्या नाकाडोळ्यांची तपकिरी बाहुली निघते. ती काळ्या आईबापांना आपली वाटत नाही, म्हणून दुकानात पडून राहते. मग खपाचा कागद दाखवून सांगता येतं, बघा, गिऱ्हाईक नव्हतंच. ‘कलर्ड फ्रान्सी’चं हेच झालं. पुढच्याच वर्षी, १९६८ला, मॅटेलने ख्रिस्ती आणली. तिला स्वतःचं नाव होतं, ती बार्बीची मैत्रीण होती, आणि ती चालली.

त्याच १९६८ साली लॉस एंजेलिसमध्ये उलट हिशेब मांडणारी माणसं निघाली. तिथल्या वॉट्स या काळ्या वस्तीतल्या १९६५च्या उद्रेकानंतर लू स्मिथ आणि रॉबर्ट हॉल यांनी ‘ऑपरेशन बूटस्ट्रॅप’ ही संस्था काढली होती. तिच्यातून ‘शिंदाना टॉइज’ हा कारखाना उभा राहिला. भांडवल आणि तांत्रिक मदत आली खुद्द मॅटेलकडून. पहिली बाहुली ‘बेबी नॅन्सी’: कुणाचाही उसना चेहरा नाही, केसही आपल्या पोताचे. कारखाना १९८३पर्यंत तगला. नॅन्सीला अमेरिकेच्या नॅशनल टॉय हॉल ऑफ फेममध्ये जागा मिळायला मात्र २०२० उजाडलं.

शिंदानाच्या आधीचा एक प्रयत्न मला जास्त भावतो. फ्लोरिडातल्या बेल ग्लेड गावच्या सारा ली क्रीच या गोऱ्या बाईंनी १९४८मध्ये दोन काळ्या मुली गोऱ्या बाहुल्यांशी खेळताना पाहिल्या आणि त्या मागेच लागल्या. काळ्या मुलांची छायाचित्रं काढली, ती शीला बर्लिंगेम या शिल्पकार बाईंना दिली, त्यांच्याकडून डोकी घडवून घेतली. लेखिका झोरा नील हर्स्टन यांनी पाठिंबा दिला. शेवटी आयडियल ही खेळणी-कंपनी बाहुली काढायला तयार झाली, आणि १९५१च्या ऑक्टोबरात एलिनॉर रूझवेल्ट यांनी चहापानाला मोठमोठी मंडळी बोलावली. कशाला? तर बाहुलीचा वर्ण नेमका किती गडद ठेवायचा हे ठरवायला! चेहऱ्याला तीन वर्षं, रंगाला एक चहा. काम कुठे असतं ते यावरून कळतं. ‘साराली’ ही बाहुली दोनएक वर्षांत बंद पडली.

रंगाबद्दल शेडमधली एक गोष्ट जाता जाता. एकाच मशीनवर दोन रंग काढायचे असले की ऑपरेटर आधी फिकट काढतो, मग गडद. गडदावरून फिकटावर यायचं तर बॅरल धुऊन काढायला ढिगाने माल वाया जातो. म्हणजे तपकिरी माल नेहमी शेवटी. यात कुणाचा दुष्टपणा नाही, पर्जिंगचा खर्च आहे. पत्रलेखक हे वाचून हसतील.

एकाच साच्यातून दोन रंगांच्या बाहुल्या काढण्याच्या ज्या आळसावर मी इतकी वर्षं चिडत आलो, त्याच आळसाने एक मोठं काम केलेलं आहे. केनेथ आणि मेमी क्लार्क या अमेरिकी मानसशास्त्रज्ञ दांपत्याचे बाहुल्यांचे प्रयोग नियमित वाचकांना आठवत असतील. १९४७च्या त्यांच्या निबंधात तीन ते सात वर्षांची २५३ काळी मुलं आहेत. त्यांतल्या ६७ टक्के मुलांनी खेळायला गोरी बाहुली मागितली. १९५४च्या ब्राउन खटल्यात, शाळांमधली वर्णविभागणी घटनाबाह्य ठरली तेव्हा, हे संशोधन न्यायालयासमोर होतं. आता मोल्डवाल्याच्या नजरेने बघा: क्लार्कना हव्या होत्या अगदी एकसारख्या बाहुल्या, कातडीचा आणि केसांचा रंग सोडून. नाक वेगळं असतं, तर मूल नाकाला भुललं की रंगाला, हे कोण सांगणार? न्यूयॉर्कमधल्या हार्लेमच्या १२५व्या रस्त्यावरच्या वुलवर्थ या दुकानात तसला माल पन्नास सेंटला मिळत होता. कारखान्यांनी काटकसर केली नसती, तर तो प्रयोग इतका चोख झाला नसता. काटकसरीवरचा माझा राग यामुळे जात नाही, पण थोडा गोंधळतो खरा.

नवा साचा केला म्हणजे प्रश्न मिटला, असंही नाही. मॅटेलने १९९१मध्ये ‘शानी’ आणि तिच्या मैत्रिणी आशा व निशेल आणल्या, वर्णाच्या तीन छटा, नवे चेहरे. शानीची अंगकाठीही काळ्या बाईसारखी आहे, कमरेखाली भरलेली, अशी बोलवा होती. दोघा मानवशास्त्रज्ञांनी, जॅकलीन उर्ला आणि अ‍ॅलन स्वेडलंड यांनी, मापं घेतली. भरलेलं काही नव्हतं. पाठीचा कोन किंचित बदलला होता, त्यामुळे तसं दिसत होतं. असली चलाखी टूलरूमच्या माणसाला ताबडतोब ओळखू येते.

संग्राहकाने म्हणूनच समोरून भुलू नये. डोकं उलटं करून मानेमागचा आकडा वाचावा. जर्मनीतल्या सायमन अँड हाल्बिग या कारखान्याचा चिनी मातीच्या डोक्यांचा १३५८ क्रमांकाचा साचा काळ्या चेहऱ्यावरूनच घडवलेला आहे. त्याच्यासाठी लिलावात झुंबड उडते. तोच कारखाना आपल्या गोऱ्या साच्यांतूनही तपकिरी डोकी काढत असे. नॅशव्हिलचे रिचर्ड हेन्री बॉइड हे पाद्री जन्माने गुलाम. त्यांनी १९०८च्या सुमारास काळ्या मुलांसाठी बाहुल्या मागवल्या त्याही जर्मनीहूनच. दुसरी खूण कातडीची. आयडियलच्या चाळीसच्या दशकातल्या ‘मॅजिक स्किन’ बाहुल्या रबरी अंगाच्या. ते रबर वयानुसार काळवंडतं, चिकट होतं. डोकं मात्र कडक प्लॅस्टिकचं, ते गुलाबीच राहतं. तपकिरी अंगावर गुलाबी डोकं दिसलं, तर समजा ती गोरीच होती, म्हातारी झाली.

आणि पीण्यात राहून इतक्या लांबच्या बाहुल्या कशाला, असं विचाराल तर इथल्या घरांत साचा नसलेली सावळी जोडी आहेच. दसऱ्याच्या बाहुल्यांच्या मांडणीत सगळ्यात वरच्या पायरीवर बसते ती ‘पट्टद गोंबे’, राजाराणी, मूळची रक्तचंदनाची. तिचा वर्ण कुणी निवडलेला नाही. लाकूडच तांबडं असतं आणि वर्षागणिक गडद होत जातं; आजीची जोडी नातीच्या हाती येते तोवर ती जवळपास काळी झालेली असते. तमिळ घरांत हिलाच मरप्पाची म्हणतात, आणि दात येणाऱ्या बाळाला ती चघळायलाही देतात. बंगळूरच्या मराठी घरांतही गोंबे मांडतात. रक्तचंदनावर निर्बंध आल्यापासून दुसऱ्या लाकडाला रंग देऊन केलेल्या जोड्याही विकल्या जातात, तेव्हा तुमच्या घरची जोडी बुडाशी, जिथे नजर जात नाही तिथे, नखाने हलकेच खरवडून बघा. खाली पांढरं लाकूड लागलं की नाही, तेवढं कळवा.