देवस्थानच्या जमिनी व कुळांचे तंटे

देवाच्या नावे असलेली जमीन तीन पिढ्या एकाच घराण्याने कसावी, खंड पुजाऱ्याच्या हाती द्यावा आणि एके दिवशी विश्वस्तांची नोटीस दारी यावी, असे प्रसंग आपल्याकडे घडतात. निकाल लागेपर्यंत त्या शेताची बांधबंदिस्ती होत नाही, विहीर खणली जात नाही. उद्या जमीन आपली राहील काय या शंकेने शेणखताची गाडीही तिकडे वळत नाही. शेतीच्या दृष्टीने मोठे नुकसान हेच होय.

ग्रामपातळीवरील कार्यकर्त्याने प्रथम कागद पाहावेत. सातबाऱ्याबरोबर गाव नमुना ३, म्हणजे दुमाला जमिनींची नोंदवही, जुने फेरफार आणि असल्यास सनद यांच्या नकला घ्याव्यात. देवस्थान इनाम हे वर्ग ३ चे इनाम. जमीन देवाची, पुजारी अथवा वहिवाटदार केवळ व्यवस्था पाहणारा. मध्य प्रदेशातील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली हेच सांगितले की, मालकीच्या रकान्यात देवतेचेच नाव असावे. सबब पुजाऱ्याने परस्पर लिहून दिलेल्या खरेदीखतावर विसंबणारे कूळ बहुधा पैसे गमावते.

पुढील प्रश्न कुळकायद्याचा. १९४८ च्या कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियमानुसार १ एप्रिल १९५७ या कृषक दिनी बहुसंख्य कुळे खरेदीदार मानली गेली. तथापि कलम ८८-ब ने सार्वजनिक पूजास्थानांच्या जमिनींना सूट दिली. तिला दोन अटी आहेत: न्यास १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाखाली नोंदलेला असावा, व जमिनीचे सर्व उत्पन्न न्यासाच्याच कामी लागत असावे. जिल्हाधिकारी चौकशीअंती तसा दाखला देतात व तो निर्णायक पुरावा ठरतो. कुळाने हा दाखला पाहावयास मागावा. वर्षानुवर्षे तंटा चालतो आणि दाखला आहे की नाही हे कोणीच विचारीत नाही, ही आश्चर्याची गोष्ट आहे. (विदर्भास १९५८ चा व मराठवाड्यास १९५० चा कायदा लागू असल्याने तेथील कलमे निराळी आहेत.)

सूट नसेल तर अमुक इसम कूळ आहे की नाही हे कलम ७० अन्वये तहसीलदारच ठरवितो. हा मुद्दा दिवाणी दाव्यात निघाला तरी न्यायालयास तो कलम ८५-अ अन्वये त्याच्याकडेच पाठवावा लागतो. सूट असेल तर विश्वस्तांस ताब्यासाठी सामान्यतः दिवाणी न्यायालयात जावे लागते. मात्र सूट म्हणजे कुळास हुसकून लावण्याचा परवाना नव्हे. कलम ४-ब सूट असलेल्या जमिनीसही लागू आहे व त्यानुसार केवळ मुदत संपली म्हणून कुळवहिवाट संपत नाही. कोणी बळजबरीने ताबा घेतल्यास सहा महिन्यांच्या आत दाद मागावी; येथे विलंब फार महाग पडतो.

तडजोड करणे पुष्कळदा उभयपक्षी हिताचे असते. लोकअदालतीतील निवाडा अंतिम असून त्यावर अपील चालत नाही. तालुका विधी सेवा समितीकडे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींचे लोक व अल्प उत्पन्नाचे शेतकरी यांस वकिलाचे साहाय्य विनामूल्य मिळते. परंतु तडजोडीने देवाची जमीन विकावयाची असेल, किंवा शेतजमीन दहा वर्षांहून अधिक मुदतीने पट्ट्याने द्यावयाची असेल, तर धर्मादाय आयुक्तांची पूर्वमंजुरी अवश्य घ्यावी. दहा वर्षांचा लेखी व नोंदणीकृत पट्टा, त्यात विहीर व बांध यांचा खर्च कोणी सोसावा याचा स्पष्ट उल्लेख, एवढे झाले तरी शेताचे रूप पालटते.

खंड देताना न्यासाच्या नावाची पावती घ्यावी. दुष्काळात सरकारने शेतसारा तहकूब अथवा माफ केल्यास खंडातही त्या प्रमाणात सवलत देण्याचे कलम १३ देवस्थानांसही लागू आहे. तेव्हा अशा वर्षी कुळाने सवलतीच्या हुकमाची नक्कल जोडून विश्वस्तांकडे लेखी अर्ज करावा व त्याची पोच घ्यावी.