नाळ कापण्याआधीची तीन मिनिटं

बाळ जन्माला येतं, रडतं, सगळ्यांचा जीव भांड्यात पडतो. त्या क्षणी त्याचं जवळपास एक तृतीयांश रक्त मात्र अजून त्याच्या अंगात आलेलंच नसतं. ते वारेत असतं. पोटातल्या बाळाचं हृदय आपलं रक्त नाळेतल्या दोन रोहिण्यांमधून वारेकडे धाडतं, तिथे ते ऑक्सिजन घेतं आणि नाळेतल्याच एका नीलेतून परत फिरतं. हे रक्त आईचं नव्हे, बाळाचं. आईचं रक्त वारेच्या दुसऱ्या अंगाला खेळत असतं आणि दोन्ही प्रवाह सहसा मिसळत नाहीत. म्हणून जन्मल्याबरोबर नाळेला चिमटा लावला, तर बाळाच्या हक्काचं रक्त वारेसोबत टाकून दिलं जातं.

हे रक्त किती? तीन किलोचं बाळ धरलं, तर बाळ आणि वार यांच्यात मिळून साधारण ३३० मिलिलिटर रक्त असतं. त्यातलं शंभरेक मिलिलिटर जन्माच्या वेळी वारेकडे असतं. स्वीडनमध्ये याओ आणि लिंड या संशोधकांनी वेगवेगळ्या बाळांची नाळ वेगवेगळ्या क्षणी बंद करून बाळात किती रक्त आलं आणि वारेत किती उरलं, हे मोजलं. १९६९ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात आलेलं हे काम आजही पायाभूत मानलं जातं. पहिल्या मिनिटातच बरंचसं रक्त बाळाकडे येतं आणि तीन मिनिटांत हे येणं जवळजवळ पूर्ण होतं, असं त्यातून दिसलं.

मग घाई आली कुठून? आपल्याकडच्या सुईणी अनेक भागांत वार पडेपर्यंत नाळेला हात लावत नसत. (त्यांची कापण्याची हत्यारं स्वच्छ नसायची, त्यातून धनुर्वात होऊन असंख्य अर्भकं दगावली, हेही विसरता येत नाही. थांबणं बरोबर होतं, कापणं धोक्याचं होतं.) युरोपातही ही समज जुनीच. चार्ल्स डार्विनचे आजोबा इरॅस्मस डार्विन हे नावाजलेले वैद्य होते. बाळाने नीट श्वास घेण्याआधी आणि नाळेतली धडधड थांबण्याआधी नाळ बांधणं बाळाला घातक आहे, असं त्यांनी ‘झूनोमिया’ या ग्रंथात दोन शतकांपूर्वी बजावलं होतं.

विसाव्या शतकात बाळंतपण दवाखान्यात आलं आणि १९६०च्या दशकापासून एक त्रिसूत्री रूढ झाली: बाळ बाहेर येताच आईला गर्भाशय आकुंचन पावण्याचं इंजेक्शन, लगेच नाळेला चिमटा आणि नाळ हलके ओढून वार काढणं. हेतू चांगला होता. बाळंतपणानंतरचा अतिरक्तस्राव आजही जगभर मातामृत्यूचं मोठं कारण आहे आणि या त्रिसूत्रीने तो खरोखर कमी झाला. पण तिघांपैकी नेमकं कोण उपयोगी पडतंय, हे वेगळं करून बघायला फार उशीर झाला. श्रेय इंजेक्शनचं होतं. चिमटा नुसता सोबत आला होता. २०१३ मध्ये वैद्यकीय चाचण्यांचे आढावे घेणाऱ्या ‘कॉक्रेन’ या संस्थेने १५ चाचण्यांचा, ३,९११ माता-बालकांचा आढावा घेतला, तेव्हा नाळ उशिरा बंद केल्याने आईचा रक्तस्राव वाढतो याचा पुरावा सापडला नाही. जागतिक आरोग्य संघटनेने त्याच्या आदल्या वर्षीच सांगितलं होतं, की सर्व प्रसूतींमध्ये एक ते तीन मिनिटं थांबावं. आईला इंजेक्शन वेळेवर द्यायचं आणि नाळ थोडी उशिरा बंद करायची. यात एकामुळे दुसरं अडत नाही.

थांबण्याने काय साधतं, याचं मला सर्वांत मोलाचं वाटणारं उत्तर लोहात आहे. शंभर मिलिलिटर नवजात रक्तात सुमारे ५० मिलिग्रॅम लोह असतं. आकडा किरकोळ वाटेल. पण आईच्या दुधातून बाळाला दिवसाला मिळणारं लोह सुमारे ०.२७ मिलिग्रॅम असतं. (ते पचतं उत्तम, पण असतंच थोडं.) म्हणजे सहा महिने अंगावर पाजून जितकं लोह मिळेल, जवळपास तितकंच बाळ जन्मानंतरच्या तीन मिनिटांत घेऊन येतं. निसर्गाने दुधात लोह कमी ठेवलं, कारण बाळ शिदोरी बांधूनच निघालेलं असतं. ती शिदोरी आपण उंबरठ्यावर काढून घेत होतो.

याची झळ सर्वाधिक लागते ती स्वतः रक्तक्षय असलेल्या आयांच्या मुलांना. दिल्लीच्या मौलाना आझाद वैद्यकीय महाविद्यालयात गुप्ता आणि रामजी यांनी नेमक्या अशाच मातांच्या बाळांवर चाचणी केली. २००२ मध्ये ती ‘इंडियन पीडिॲट्रिक्स’मध्ये आली. तीन महिन्यांच्या वयात, उशिरा नाळ बंद केलेल्या बाळांचं सरासरी फेरिटिन, म्हणजे शरीरातल्या लोहसाठ्याचं मोजमाप, ११८ होतं आणि लगेच बंद केलेल्यांचं ७३. काठमांडूत सरकारी प्रसूतिगृहात ५४० बाळांवर अशीच चाचणी झाली. आठ महिन्यांच्या वयात लगेच नाळ बंद केलेल्यांपैकी ८२ टक्के रक्तक्षयी होती, तीन मिनिटं थांबलेल्यांपैकी ७३ टक्के. फरक आहे, पण ७३ टक्के हा आकडाही सुखाचा नाही. नाळेमुळे सगळं सुटतं असं कुणी म्हणू नये. स्वीडनसारख्या सुखवस्तू देशातही चार महिन्यांच्या वयात लोहाची कमतरता ५.७ टक्क्यांवरून ०.६ टक्क्यांवर आली आणि त्याच मुलांची चौथ्या वर्षी तपासणी केली, तेव्हा हाताच्या बारीक कामांत उशिरावाली मुलं थोडी पुढे दिसली, विशेषतः मुलगे. बुद्ध्यंकात मात्र फरक नव्हता.

आता आपल्याकडे बघा. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत, २०१९-२१ मध्ये, महाराष्ट्रातली सहा महिने ते पाच वर्षांची ६८.९ टक्के मुलं रक्तक्षयी आढळली. आधीच्या फेरीत हे प्रमाण ५३.८ होतं. इतक्या मुलांना औषध पोचवायला किती यंत्रणा लागते, हे कोणतीही आशाताई सांगेल. इथे मात्र लागतो तो फक्त वेळ. ‘ॲनिमिया मुक्त भारत’ कार्यक्रमात नाळ उशिरा बंद करणं म्हणूनच समाविष्ट आहे.

लोहाखेरीज आणखी एक गोष्ट घडते आणि ती काही श्वासांपुरती असते. पोटात असताना फुप्फुसांतून फार थोडं रक्त फिरतं. हृदयाच्या डाव्या बाजूला येणारं बरंचसं रक्त नाळेतून आलेलं असतं. पहिल्या श्वासानंतर फुप्फुसांतल्या वाहिन्या उघडतात आणि ही जबाबदारी त्यांच्याकडे जाते. श्वासाआधीच नाळ बंद झाली, तर जुना पुरवठा तुटलेला आणि नवा सुरू नाही, अशा अवस्थेत हृदय सापडतं. ऑस्ट्रेलियातल्या मोनॅश विद्यापीठात अपुऱ्या दिवसांच्या कोकरांवर प्रयोग झाले. आधी श्वास देऊन मग नाळ बंद केली, तेव्हा हृदयाचे ठोके आणि रक्तप्रवाह कितीतरी स्थिर राहिले.

माणसाच्या अपुऱ्या दिवसांच्या बाळांत तर हा प्रश्न जगण्या-मरण्याचा ठरतो. सिडनी विद्यापीठातल्या संशोधकांच्या पुढाकाराने अनेक देशांतल्या चाचण्यांची मूळ माहिती एकत्र केली गेली. २०२३ मध्ये निष्कर्ष आला: नाळ उशिरा बंद केल्यास रुग्णालयातून घरी जाण्याआधी दगावणाऱ्या बाळांचं प्रमाण सुमारे आठ टक्क्यांवरून सहा टक्क्यांवर येतं. वेळ वाचवण्यासाठी नाळ बोटांनी पिळून रक्त बाळाकडे ढकलण्याची युक्ती मात्र फार लहान बाळांत महागात पडली. एका चाचणीत २३ ते २७ आठवड्यांत जन्मलेल्या बाळांत मेंदूतला गंभीर रक्तस्राव थांबण्याच्या गटात ६ टक्के होता, पिळण्याच्या गटात २२. ती चाचणी मध्येच थांबवावी लागली.

तोटा काहीच नाही का? रक्त जास्त आलं की काविळीला कारण ठरणारं बिलीरुबिनही थोडं वाढतं. ‘कॉक्रेन’च्या आढाव्यात काविळीसाठी निळ्या दिव्याखाली ठेवावी लागलेली बाळं लगेच नाळ बंद करण्याच्या गटात २.७ टक्के होती आणि उशिराच्या गटात ४.४. जिथे कावीळ तपासायची आणि उपचारांची सोय आहे, तिथे हा सौदा मला पटतो; जिथे ती नाही, तिथे आधी ती उभी करायला हवी. वार आधीच सुटून रक्तस्राव होत असेल, नाळ फाटली असेल किंवा बाळाला तातडीने श्वास द्यावा लागत असेल, तर डॉक्टर थांबणार नाहीत आणि त्यांनी थांबूही नये.

एक जुना गैरसमज अर्जेंटिनातल्या डॉक्टरांनी २०१४ मध्ये दूर केला. बाळ खाली धरलं तरच रक्त उतरतं, असं मानलं जाई. नैसर्गिक प्रसूतींमध्ये दोन मिनिटं काही बाळं खाली धरली, काही आईच्या पोटावर-छातीवर ठेवली. दोन्हींचं वजन जवळपास सारखंच वाढलं, ५६ आणि ५३ ग्रॅम. म्हणजे बाळ आईच्या उराशी ठेवूनच वाट बघता येते. सिझेरियनमध्येही थोडं थांबता येतं.

नाळेतलं रक्त साठवणाऱ्या खासगी बँकांची जाहिरात गर्भवतीपर्यंत हमखास पोचते. भविष्यात स्वतःसाठी म्हणून ते साठवण्याची शिफारस भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषद करत नाही. जास्त रक्त गोळा करायचं, तर नाळ लवकर बंद करावी लागते, हे त्या माहितीपत्रकाच्या शेजारी ठेवून वाचावं. आठव्या-नवव्या महिन्यातल्या तपासणीला जाल, तेव्हा नाळ कधी बंद करता, हे डॉक्टरांना विचारा आणि केसपेपरवर नोंद करून घ्या. कळा सुरू झाल्यावर हे बोलायला कुणाला सुचत नाही. बाळ सहा महिन्यांचं झालं, की ही शिदोरी संपत येते. तिथून पुढे वरचं अन्न आणि सरकारी कार्यक्रमातला आठवड्यातून दोनदा एक मिलिलिटर लोहाचा डोस लागतोच.